एकतीस नंबरचं रक्त

थंडीच्या दिवसांत पुरुष यायचे ते कोटाच्या आत, बनियनला लावून डबी धरून. डबी गार पडू देऊ नका, असं त्यांना घरी पाठवलेल्या चिठ्ठीत बजावलेलं असायचं. रुग्णालयाच्या तळमजल्यावर एका खिडकीपाशी हे लोक रांगेत उभे राहायचे. मास्तर, सुतार, पाद्री, एकदा तर एक न्यायाधीश. कान लाल आणि नजर बुटांवर. खिडकीच्या आत गुनेल.

"किती वेळ झाला?" एवढंच ती विचारायची.

"चाळीस मिनिटं."

ती डबी घ्यायची, नंबर चिकटवायची आणि पुढच्याकडं बघायची. तिच्या या कोरडेपणाचं त्या लोकांना फार बरं वाटायचं. स्वीडनमधल्या त्या सगळ्या उप्साला शहरात तिच्याइतकी पुरुषांची गुपितं कुणाला ठाऊक नव्हती, आणि तिच्या तोंडून एकही कधी बाहेर पडलं नव्हतं.

गुनेल टियर्प गावाकडच्या एका शेतमजुराची मुलगी. शाळेत हुशार होती, पण हिला पुढं शिकवावं हे घरात कुणाला सुचलंच नाही. वर्षभराचा मदतनिसाचा कोर्स करून ती बाविसाव्या वर्षी या प्रयोगशाळेत लागली आणि इथलीच झाली. सकाळी शुक्रजंतू मोजायचे. पळतात किती, जागच्या जागी वळवळतात किती, मेलेले किती, ते डॉक्टरांना कळवायचं. तपासून उरलेलं वीर्य मात्र फेकायचं नाही. ते एका नळीत जमा करायचं, कारण जेवणानंतर स्टेलानचं काम सुरू व्हायचं.

स्टेलान प्रयोगशाळेचा प्रमुख. उंच, खांद्यात वाकलेला, बाहीवर कायम कॉफीचे डाग. तो ज्याच्या मागं लागला होता ती गोष्ट साध्या सूक्ष्मदर्शकाला दिसतसुद्धा नव्हती. नळी आधी सावकाश फिरवायची, म्हणजे शुक्रजंतू तळाशी बसतात. मग वरचं पाणी मोठ्या यंत्रात घालून दोन तास भन्नाट वेगानं फिरवायचं. शेवटी बुडाशी एक पिवळसर चिकट ठिपका उरायचा, भांड्याला तूप लागून राहावं तसा. त्या ठिपक्यात अब्जावधी बारीक फुगे असायचे. प्रोस्टेट ग्रंथी ते वीर्यात सोडते. इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली काढलेल्या फोटोत ते माशाच्या अंड्यांच्या घोसासारखे दिसायचे.

"बाकीचे याला कचरा म्हणतात," स्टेलान म्हणायचा. "ग्रंथीचा केर. अगं, केर कुणी इतका नीट पुड्या बांधून टाकतं का?"

त्याचं म्हणणं असं, की हे फुगे शुक्रजंतूंना जाऊन चिकटतात, त्यांना पळायचं बळ देतात. शिवाय बाईच्या शरीरानं परका समजून मारू नये म्हणून त्यांच्यावर पांघरूण घालतात. पुढं या फुग्यांना प्रोस्टासोम असं भारदस्त नाव पडलं. गुनेल त्यांना 'शिदोरी' म्हणायची. स्टेलानला तो शब्द आवडला, म्हणून प्रयोगशाळेत सगळेच तसं म्हणायला लागले.

सबंध शहराची शिदोरी हाताळणाऱ्या या बाईला नऊ वर्षांत मूल झालं नव्हतं.

तिचा नवरा होल्गर छपरांना पत्रे चढवायचा. देखणा, रुंद खांद्यांचा, चारचौघांत हसवणारा. एकोणिसाव्या वर्षी तो परांचीवरून घसरून दोन्ही बाजूंना पाय टाकून तुळईवर आदळला होता आणि आठवडाभर त्याला चालता येत नव्हतं. घरात तो किस्सा हसत हसत सांगितला जायचा. दर रविवारी ती दोघं त्याच्या आईकडं कॉफीला जायची. आईचं नाव टेकला. जुन्या वळणाची बाई. सुनेनं आपल्याला 'तू' म्हटलेलं तिला खपायचं नाही.

"सासूबाईंना आणखी कॉफी हवी का?" गुनेल विचारायची.

"सासूबाईंना नातवंड हवंय. कॉफी पुष्कळ झाली."

होल्गर बिस्किट बुडवून खात बसायचा. एकदा टेकला म्हणाली, "दिवसभर परक्या पुरुषांचं हातात घेऊन बसतेस. घरचं तेवढं तुला जमत नाही." त्यावर होल्गर इतका हसला की त्याला ठसका लागला. गुनेलनं त्याच्या पाठीवर थोपटलं.

तिनं सगळ्या तपासण्या करून घेतल्या. गर्भाशयाच्या नळ्या मोकळ्या आहेत का ते बघायला आत वायू सोडला, तेव्हा खांद्यापर्यंत कळ गेली आणि तिनं टेबलाची कड इतकी आवळली की नख तुटलं. डॉक्टर म्हणाला, "तुझ्यात काही दोष नाही. नवऱ्याला पाठव."

"मी?" होल्गर म्हणाला. "मी त्या डबीत काही करणार नाही. तू आणि तुझा तो स्टेलान मिळून माझे मोजणार, आणि दुपारी कॉफीबरोबर त्यावर गप्पा मारणार. माझं सगळं ठीक आहे. मला माहीत आहे."

"कसं माहीत आहे?"

"पुरुषाला कळतं ते."

ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला स्टेलाननं नवं काम काढलं. काही पुरुषांच्या रक्तात, कधी त्या जागी मार बसल्यावर, त्यांच्या स्वतःच्याच शुक्रजंतूंविरुद्ध प्रतिपिंडं तयार होतात. घरच्या कुत्र्यानं घरधन्यालाच चावावं, तसलाच प्रकार. हा हल्ला शुक्रजंतूंवर होतो की त्यांना चिकटलेल्या शिदोरीवर, हे त्याला शोधायचं होतं. त्यासाठी पेशंटांच्या रक्ताशी ताडून बघायला चाळीस धडधाकट पुरुषांचं रक्त हवं होतं. प्रयोगशाळेतल्या बायकांनी नवरे आणले, भाऊ आणले. होल्गरही आला. डबीला तो नाही म्हणाला होता, पण रक्त देणं ही मर्दानी गोष्ट. बाही दंडापर्यंत वर करून तो बसला, वेलदोड्याचे तीन गोड पाव खाल्ले, सगळ्या पोरींना हसवलं आणि निघून गेला. नळ्यांवर नावं नव्हती, नुसते नंबर. नावांची यादी गुनेलनं स्वतःच्या हातानं लिहून स्वतःच्याच खणात ठेवली होती.

मार्चमध्ये ती नंबर एकतीसपाशी आली. निरोगी, चपळ शुक्रजंतूंत तिनं त्या रक्तातल्या पाण्याचा थेंब सोडला आणि डोळा लावला. दोन मिनिटांत सगळे एकमेकांना चिकटले. डोक्याला डोकं, शेपटीला शेपटी. घोसच्या घोस जागच्या जागी थरथरत होते. तिनं ते दहा पट पातळ केलं, शंभर पट केलं. तरी तेच.

स्टेलाननं पाहिलं आणि शीळ घातली. "अरे बापरे! हा माणूस धडधाकट म्हणून आला होता? कोण आहे हा?"

"नंबर एकतीस," गुनेल म्हणाली.

तो गेल्यावर ती गारठ्याच्या खोलीत गेली, दार लावून घेतलं आणि पोटावर हात धरून हसली. नऊ वर्षांत ती अशी हसली नव्हती.

ते हसू ओसरल्यावर तिला होल्गरची दया आली. हे खरं. नियमाप्रमाणं त्याला काही सांगायची परवानगी नव्हती, पण नवराच तो. कसं सांगावं हे ती महिनाभर मनात घोळवत राहिली. बिचाऱ्याचा काय दोष, पडला तेव्हा झालं असेल, उपाय असतात, मूल दत्तक घेता येतं. मे महिन्यातल्या एका शनिवारी सांगायचं तिनं ठरवलं. आदल्या दिवशी, शुक्रवारी, ती घरी आली तेव्हा झोपायच्या खोलीत टेकला होल्गरच्या शर्टांच्या घड्या घालत होती.

"सासूबाई इकडं कशा?"

"चाललाय तो. तुला सांगितलं नाही का अजून? मारिता म्हणून मुलगी आहे, रंगाच्या दुकानात असते. चौथा महिना लागलाय तिला." टेकलानं बाह्या मागं दुमडून शर्ट बॅगेत ठेवला. "नऊ वर्षं माझ्या लेकानं रिकाम्या डब्याचं झाकण उघडून पाहिलं. आता पुरे."

होल्गर दारात उभा होता. ओशाळला होता, पण चेहऱ्यावरचा आनंद त्याला लपवता येत नव्हता.

"वाईट वाटून घेऊ नकोस, गुनेल," तो म्हणाला. "निदान आता कळलं तरी, दोष कुणात होता ते."

त्या क्षणी तिनं सांगितलं असतं तर गोष्ट तिथंच संपली असती. भांडणात बोललेलं वाक्य म्हणून ते हवेत विरून गेलं असतं. पण ती बॅगेकडं वळली. बॅगेची चेन अडकत होती, ती तिनं स्वतः ओढून दिली.

सोमवारी तिनं स्टेलानला विचारलं, "त्या नंबर एकतीसला मूल होणं शक्यच नाही का?"

"शक्यच नाही, असं आपल्या धंद्यात कशाला म्हणता येत नाही. असे वीस जण घेतले तर तिघा-चौघांना होतं. बायको बदलली तर अचानक झालंय, अशीही उदाहरणं आहेत. का गं?"

"असंच."

हे उत्तर तिला शब्दन् शब्द ठाऊक होतं, ही गोष्ट पुढच्या सगळ्यासाठी ध्यानात ठेवायला हवी.

ऑक्टोबरात मारिताला मुलगी झाली. नोव्हेंबरअखेरीस टेकलाचं कार्ड आलं. 'रविवारी बाप्तिस्मा. चर्चनंतर कॉफी आहे. येऊन बघून जा.' बोलावणं कशासाठी होतं हे गुनेलला कळलं. ती गेली. निळा ड्रेस घातला, केस बसवून घेतले. पर्समध्ये एका कागदाची नक्कल होती.

चर्चच्या मागच्या सभागृहात खिडक्यांत नाताळचे कागदी तारे लावले होते. तीसएक माणसं, मधोमध हिरवा केक. मुलीचं नाव टूवे ठेवलं. मारिता तेवीस वर्षांची, गोल चेहऱ्याची, साधी पोर. तिनं गुनेलला बघून खरोखरच लाजत हात पुढं केला. "तू आलीस, बरं वाटलं मला," ती म्हणाली. "घेतेस का हिला?"

"नको."

टेकला सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "घेऊ दे की. तिला कुठं मिळणार आहे पुन्हा संधी!"

कुणीतरी हसलं. गुनेलनं कॉफीचा कप खाली ठेवला. पर्समधून कागद काढून ती होल्गरपाशी गेली आणि शाळेत धडा वाचतात तशा आवाजात बोलली. "होल्गर, तू रक्त दिलं होतंस, आठवतं? हा त्याचा निकाल. नंबर एकतीस म्हणजे तू. तुझं रक्त शुक्रजंतूंना चिकटवून टाकतं. शंभर पट पातळ केलं तरी. दोष तुझ्यात आहे. माझ्यात कधीच नव्हता."

"काय बोलतेस?"

"स्टेलानला विचार. नाहीतर" – ती मारिताकडं वळली – "तिला विचार."

तिघा-चौघांचं तिनं सांगितलं नाही. तेवढं एक वाक्य तिनं गिळलं.

होल्गरनं कागद दोनदा वाचला. त्याला त्यातलं काही कळत नव्हतं. पण शिक्का, सही आणि अधिकची चार ठसठशीत चिन्हं कळत होती. मग त्यानं मान वर करून सभागृहात नजर फिरवली. कोपऱ्यात मारिताचा जुना मित्र, तिच्याच दुकानातला, केक खात बसला होता. होल्गरची नजर त्याच्यावर थांबली तशी सगळ्यांची थांबली. त्या माणसानं तोंडातला घास गिळलाही नाही.

"होल्गर, नाही रे," मारिता म्हणाली. "शपथ घेते. मुलीची शपथ."

"मुलीची शपथ घेऊ नकोस," टेकला म्हणाली. "कुणाची आहे ती, हेच कळायचंय."

गुनेल कोट घालून बाहेर पडली. मागं मूल रडायला लागलं होतं. नदीकाठानं घरी जाताना तिला हलकं वाटत होतं, आणि भूक लागली होती. वाटेत तिनं गरम सॉसेज घेऊन उभ्यानं खाल्लं.

होल्गर आठवड्याच्या आत आईकडं राहायला गेला. प्रकरण सरकारी कचेरीत गेलं, होल्गर, मारिता आणि मुलगी, तिघांचं रक्त तपासलं. अहवाल आला: होल्गर हा बाप असण्याची शक्यता फार मोठी.

"शक्यता," होल्गर म्हणाला. "म्हणजे त्यांनाही माहीत नाही. गुनेलला माहीत आहे. ती रोज हेच काम करते."

नवरा असताना त्यानं तिच्या कामाला कधी इतका मान दिला नव्हता.

मारिता मुलीला घेऊन गुत्सुंडा वस्तीतल्या इमारतींत राहायला गेली. होल्गरनं गुनेलविरुद्ध तक्रार केली नाही. तक्रारीत सगळं लिहून द्यावं लागलं असतं. त्यामुळं गुनेलची नोकरी टिकली. एक डिसेंबर गेला, दुसरा गेला, तरी तिला अपराधी वाटलं नाही. उलट होल्गर आता रविवारी आईसमोर एकटाच बसून कॉफी पितो, या विचारानं तिला छान झोप लागायची.

चौथ्या वर्षी दुकानात दुधाच्या कपाटापाशी तिनं टूवेला पाहिलं. आईचा हात ओढत ती मोठमोठ्यानं काहीतरी मागत होती. होल्गरचेच दूर दूर असलेले डोळे, त्याचीच तुटकी भुवई, हसताना एका बाजूला वर जाणारा ओठ. चुकायला जागाच नव्हती. मारितानं गुनेलला पाहिलं, मुलीला उचललं आणि भरलेली टोपली तशीच जमिनीवर ठेवून निघून गेली.

गुनेल त्या दिवशी घरी येऊन फोनपाशी बसली. होल्गरचा नंबर पाठ होता. फिरवला नाही. आज सांगू, उद्या सांगू, असं करत अकरा वर्षं गेली. मनात असूनही राहून गेलं असं नव्हे. तिनं ते राहू दिलं.

मग होल्गर प्रयोगशाळेत आला. खिडकीपाशी नाही, चाकाच्या खुर्चीत. प्रोस्टेटचा कॅन्सर, कमरेच्या हाडांपर्यंत पोचलेला. स्टेलान तेव्हा निवृत्तीला आला होता, पण त्याच्या अंगात पुन्हा वारं भरलं होतं. कॅन्सरच्या पेशीही तेच फुगे सोडतात, असं त्याला दिसलं होतं.

"बघ गुनेल, तीच युक्ती," तो म्हणाला. "शुक्रजंतूंना लपवणारं पांघरूण कॅन्सरही अंगावर घेतो. शरीराला चोर दिसतच नाही. शिदोरी कुणालाही पुरते!"

संशोधनासाठी रक्त द्यायला होल्गर कबूल झाला होता. सुई गुनेललाच टोचायची होती. तोच दंड, आता वाळलेल्या फांदीसारखा. ती शीर शोधत होती.

"तुला एक विचारायचंय," होल्गर म्हणाला. "मला खोटं ऐकायला आता वेळ नाही. ती पोरगी माझी होती का?"

गुनेलनं रक्त काढलं, कापूस दाबला.

"तुझीच आहे. तुझ्यासारख्या वीस जणांत तिघा-चौघांना मूल होतं. मला तेव्हाच माहीत होतं. मुद्दाम विचारून घेतलं होतं मी."

त्यानं कापूस उचलून पाहिला, पुन्हा दाबला. ओरडेल असं तिला वाटलं होतं.

"फार चांगलं केलंस," तो म्हणाला. "इतकं नीट मला छपरावर एक काम कधी जमलं नाही." मग म्हणाला, "तिला घेऊन ये. तेवढं तू करायचंस."

टूवे पंधरा वर्षांची होती, शनिवारी एका बेकरीत काम करायची. गुनेल गिऱ्हाईक कमी होईपर्यंत थांबली आणि मग काही न गाळता सगळं सांगितलं. टूवे काच पुसत ऐकत होती.

"मग?" ती म्हणाली.

"तो मरणार आहे. तुला भेटायचंय त्याला."

"म्हणजे मला बघायला त्याला आत्ता वेळ मिळाला." तिनं फडकं पिळलं. "तू वाईट आहेस, ते आई सांगतेच. पण तू नुसता कागद दिलास. डोळे तर त्याला होते ना? आम्ही दोन बस थांब्यांवर राहतो. पंधरा वर्षं." दार वाजलं, गिऱ्हाईक आलं. "काही घेणार आहेस का? नसशील तर बाजूला हो."

ती आली नाही. गुनेल मात्र रोज दुपारी होल्गरच्या रुग्णालयातल्या खोलीत जाऊन बसायची. दार उघडलं की तो मान वळवायचा.

"आली का?"

"परीक्षा आहे तिची. उद्या येते म्हणाली."

अकरा दिवस ती हेच सांगत होती. तो रोज दाढी करून घ्यायचा. बाराव्या दिवशी, जेवणाची ट्रॉली बाहेर खडखडत असताना, तो गेला. शेवटपर्यंत त्याला वाटत होतं, ती येणार आहे. हे खोटं तिनं दयेपोटी सांगितलं की जुनीच खोड जात नव्हती म्हणून, हे गुनेलला स्वतःलाही सांगता आलं नसतं.

दफनानंतरच्या कॉफीला दहा-बारा माणसं होती. टेकला नव्वदीला टेकलेली, खुर्चीत ताठ. गुनेल तिच्यासमोर जाऊन बसली. आज ती 'सासूबाई' म्हणाली नाही.

"टेकला, टूवे होल्गरचीच आहे. तुझी नात. मी त्या दिवशी अर्धंच सांगितलं होतं."

म्हातारीनं केकचा तुकडा दाढांखाली सावकाश घोळवला.

"मला काय सांगतेस?" ती म्हणाली. "चर्चमध्ये पाद्र्यानं तिच्या डोक्यावर पाणी घातलं आणि तिनं रागानं तोंड वाकडं केलं, तेव्हाच दिसलं मला. होल्गरचं तोंड. माझ्या नवऱ्याचं तोंड."

गुनेलनं विचारलं, "मग तू बोलली का नाहीस?"

"मारिता मला पसंत नव्हती. आणि तो घरी परत आला की. पंधरा वर्षं माझ्याजवळ राहिला." तिनं कप पुढं सरकवला. "तुझा कागद फार उपयोगी पडला. ओत जरा."

गुनेलनं ओतली. थेंबही बाहेर सांडला नाही.

टेकला आणखी तीन वर्षं जगली. टूवे शाळा संपताच उत्तरेकडं निघून गेली आणि तिनं आईचंच आडनाव ठेवलं. गुनेल निवृत्त होईपर्यंत त्या खिडकीत बसत होती. डबी घ्यायची, नंबर चिकटवायची, किती वेळ झाला विचारायची. तिच्याकडं बघून लोकांना हायसं वाटायचं. ही बाई कुणाचं काही बाहेर सांगणारी नाही, हे तिच्या चेहऱ्यावरच दिसतं, असं ते आपसांत म्हणायचे.